लूकचे डोळे कुणी खरवडले

मी, एव्लांबिया केसिसोग्लू, दिवंगत प्रोद्रोमोस यांची पत्नी, वय वर्षे पंचाहत्तर, राहणार नेओ पेत्राकी, जिल्हा द्रामा, हे मृत्युपत्र स्वतःच्या हाताने लिहीत आहे. माझे डोके ठिकाणावर आहे. ज्याला शंका असेल त्याने कॉफीखान्यात कुजबुजण्यापेक्षा समोर यावे. माझ्यावर कोणाचे दडपण नाही. ज्यांनी आणून पाहिले ते हात हलवत परत गेले. ग्रीक मी अडतिसाव्या वर्षी शिकले, आम्हाला ‘तुर्काचं बी’ म्हणणाऱ्या शेजाऱ्यांकडून. तेव्हा भाषेच्या चुका त्यांच्या माथी माराव्यात.

१. राहते घर व मागचा द्राक्षवेल पुतण्या इओर्दानिस याला द्यावा. वेल मी लावलेला आहे. तो तोडून तिथे मोटार उभी करायची असेल, तर मी जिवंत असताना सांगावे, म्हणजे मला भांडता येईल.

२. गालिच्याचा माग, धागे ठोकायचा पंजा व कात्र्या इओर्दानिसची बायको किरियाकी हिला. तिचा हात माझ्यापेक्षा बरा आहे. हे तिला तोंडावर कधी म्हटले नाही, इथे लिहिते.

३. पोस्टातल्या बचतीतून दफन करावे आणि चाळिसाव्या दिवशी उकडलेल्या गव्हाचा प्रसाद वाटावा. बेदाणे घालताना हात आखडू नये. कॉफीखानेवाल्या थानासिसलाही द्यावा, पण सर्वांत शेवटी. का, ते त्याला ठाऊक आहे.

४. आता पुस्तक.

माझ्या पेटीत, रजईच्या आत, चार शुभवर्तमानांची हस्तलिखित पोथी आहे. आठशे वर्षांपूर्वी कोणा साधूने ती कातड्याच्या पानांवर ग्रीकमध्ये लिहिली. कापादोकियातल्या आमच्या जुन्या गावच्या देवळाची ती पोथी. आम्ही ख्रिस्ती, पण बोली आमची तुर्की. पोथीतले अक्षर न अक्षर परके. तरी तिच्यावर हात ठेवून शपथा घेतल्या, ती आजाऱ्यांच्या डोक्यावर ठेवली. १९२४ साली ग्रीस आणि तुर्कस्तान या दोन सरकारांनी धर्म पाहून माणसांची अदलाबदल केली, तेव्हा माझे वडील देवळाचे कारभारी होते. ते ती घेऊन बोटीत चढले. पोथी माझ्या मालकीची नाही, हे मी जाणते. ती गावाची. पण ते गाव उरले नाही आणि मी उरले.

लूकच्या शुभवर्तमानाआधी लूकचे चित्र आहे. त्याला डोळे नाहीत. तिथे नुसते कातडे दिसते.

बिशपसाहेब शहरात संग्रहालय उघडत आहेत. गेल्या महिन्यात आमचे फादर येरासिमोस पोथी मागायला आले. येताना काचेखाली लावायची पाटीही रंगवून आणली होती: ‘संत लूक. डोळे तुर्कांनी फोडले.’

मी म्हटले, “फादर, हे तुम्हाला कुणी सांगितलं?”

“सांगायला कशाला हवं, आजी? सगळ्यांना माहीतच आहे.”

“मला नाही माहीत. मला माहीत आहे ते असं, की ते माझ्या आईने खरवडले. सुईने.”

फादर आधी हसले, मग उभे राहिले, मग पुन्हा बसले.

मी सहा वर्षांची असताना माझे डोळे आले आणि पापण्या पुवाने चिकटल्या. लूक हा वैद्य होता. आमच्याकडे बायका त्याच्या डोळ्यांचा रंग खरवडून पाण्यात घालून प्यायला देत. बुबुळे आधीच्या बायकांनी संपवली होती. पांढरे तेवढे उरले होते. ते माझ्या आईने, माक्रिनाने, काढले. शेजारची हातिजे स्वच्छ वाटी घेऊन आली. तिच्या जमालचेही डोळे आले होते. आईने पाणी अर्धे अर्धे केले. मुसलमान पोराने लूकचा एक डोळा प्यायला, मी दुसरा. माझा डावा डोळा वाचला, उजवा गेला. जमालचे दोन्ही वाचले. त्यावरून आई आणि हातिजे पुढे कितीतरी वर्षे एकमेकींना टोमणे मारत होत्या.

फादर म्हणाले, “अहो आजी, पण लोकांना काय सांगायचं? आपल्याच बायकांनी संताचे डोळे खरवडले?”

“हो. आणि प्यायल्या, तेही सांगा.”

“बिशपसाहेबांना हे चालायचं नाही.”

“मग पोथीही चालायची नाही त्यांच्याकडे.”

इओर्दानिसने मध्येच तोंड घातले, “काकू, सालोनिकाचा जुन्या वस्तूंचा व्यापारी पाटीबिटी काही मागत नाही. मोटार घेऊन येतो म्हणतोय.”

“येऊ दे. जाताना तुलाही घेऊन जाऊ दे.”

सबब माझी इच्छा अशी. पोथी संग्रहालयाला द्यावी. चित्राखाली पुढील पाटी लावावी, एक शब्द इकडचा तिकडे न करता: ‘डोळे माक्रिना हिने मुलीच्या दुखण्यासाठी खरवडले. शेजारीण हातिजे हिने वाटी दिली.’ हे मान्य नसल्यास, किंवा मागाहून पाटी बदलल्यास, पोथी किरियाकीकडे यावी. तिने ती घरात ठेवावी आणि जो आजारी येईल त्याच्या डोक्यावर ठेवावी, नाव-गाव न विचारता. इओर्दानिसने ती विकू नये. आम्हाला ज्यांनी तिथून काढले त्यांच्यावर माझा राग आहे, तो मी सोडलेला नाही. पण माझ्या आईचे काम मी हातिजेच्या लोकांच्या नावावर घालणार नाही.

स्वतःच्या हाताने लिहिल्यास साक्षीदार लागत नाहीत, असे नोटरी म्हणाले. कायद्याला लागत नसतील. मला लागतात.

नेओ पेत्राकी, २ ऑक्टोबर १९६१
(सही) एव्लांबिया केसिसोग्लू

साक्षीदार:
(सही) किरियाकी केसिसोग्लू
(सही) फादर येरासिमोस. साक्षीदार म्हणून सही केली आहे, सहमती म्हणून नव्हे. पाटीत ‘खरवडले’च्या आधी ‘भक्तिभावाने’ हा शब्द घालावा, अशी विनंती.

विनंती नामंजूर. आई घाबरली होती. ए. के.