पाठमोरा माणूस

पेती राफ्रे,
१४ ऑक्टोबर १९८१

प्रिय इंद्राणी,

तुझी यादी येऊन चार महिने झाले. मागितली मीच होती. मुलगी बेट सोडून पुण्याला जाऊन शिकते तरी काय, असं देवळात कुणी विचारलं की मी ‘तत्त्वज्ञान’ म्हणायचो आणि पुढचा प्रश्न यायच्या आत चपला शोधायला लागायचो. म्हणून तुला लिहिलं, की पाहणं आणि जाणणं याबद्दल तू जे शिकतेस त्यातलं बापाला झेपेल असं काहीतरी सुचव. तू सात पुस्तकं सुचवलीस, प्रत्येकापुढे दोन ओळींची टीप. प्राथमिक शाळेत मराठीची बाराखडी घोकून घेणाऱ्या मास्तरवर एवढा भरवसा टाकलास, बरं वाटलं.

सातांपैकी दोन पोर्ट लुईच्या वाचनालयात मिळाली. शनिवारी सकाळच्या बसने जातो, आईने सांगितलेली भाजी बाजारातून घेतो आणि दुपारपर्यंत वाचत बसतो. पहिल्या पुस्तकाचा लेखक ऐंशी पानं एका पेल्याकडे बघत बसला आहे. पेला वरून गोल दिसतो, बाजूने लांबट, मग खरा कुठला? हे आईला सांगितलं तर ती म्हणाली, “आयो, पानी पी आन पेला धुवून ठेव म्हनावं त्याला!” दुसरं पुस्तक चित्रांचं आहे म्हणून सोपं वाटलं, पण नाही. तुला माझं एकच सांगणं आहे. पुन्हा कुणी अशी यादी मागितली, तर तू पोस्टाने पाठवलेलं ते लहानसं मराठी पुस्तक सगळ्यात वर लिही. बाकीची नंतर.

त्यात शिंपल्याचं प्रकरण आहे. किनाऱ्यावर शिंपला चमकतो आणि माणूस चांदी समजून वाकतो. पुस्तक म्हणतं, की चांदी अगदीच खोटी नव्हती. त्याने ती खरोखर पाहिलेली होती, पण दुसऱ्या ठिकाणी, पूर्वी कधीतरी. आठवणीने ती उचलून इथे ठेवली, आणि त्याला वाटलं, आपण पाहतो आहोत. हे पान मी तीन आठवडे वाचलं. पुढे जाता येईना.

तीन वर्षांपूर्वीच्या कापणीबद्दल आपण दोघं कधीच बोललो नाही. ऊस पेटला त्या संध्याकाळी मी शाळेतून घरी येत होतो. धुरातून एक माणूस बाहेर पडला आणि माझ्याकडे पाठ करून ओढ्याकडे गेला. डोक्यावर गोणपाटाची खोळ. आग कुणी लावली, असं मळ्याच्या साहेबाने विचारलं तेव्हा मी म्हणालो, सत्यनारायण होता, मी डोळ्यांनी पाहिलं. तो तापाने घरी पडला होता, असं त्याची बायको गंगा रडून सांगत राहिली. पण बायको तसं म्हणणारच, आणि गुरुजी खोटं कशाला बोलतील? मी देवळाच्या अंगणात सगळ्यांसमोर पुन्हा तेच सांगितलं. त्याची मजुरांवरची सरदारकी गेली, कापणीच्या टोळीत कुणी त्याला उभं करीना, आणि तो बिऱ्हाड घेऊन भावाकडे नुव्हेल फ्रांस गावी गेला. त्याच्या मुलाशी, प्रेमशी, तुझं ठरलेलं लग्न मी मोडलं. मी तसं सांगितलं तेव्हा तू ताटातला भात कालवत होतीस. काही बोलली नाहीस. मी तुझा चेहरा पाहिला, त्यात मला होकार दिसला, आणि मुलीचीही इच्छा नाही असं मी त्यांना कळवलं.

मी खोटं बोललो नव्हतो, हे मात्र खरं मान. त्या माणसाचा डावा खांदा खाली होता आणि डावी टाच जराशी घासत होती. गणपतीच्या झाकरीत वीस वर्षं मी रिंगणात सत्यनारायणच्या मागे नाचलो आहे. त्याच्या तोंडापेक्षा त्याची पाठ मला जास्त ओळखीची. मला शंकासुद्धा आली नाही.

यंदाच्या गणपतीत रिंगण सुरू झालं आणि चार माणसं सोडून पुढे मला सत्यनारायण दिसला. तोच खांदा, तीच टाच. माझा पाय चुकला, मागचा अंगावर आदळला. पुढचा वळला तर तो जयदेव, बसवरचा कंडक्टर, बावीस वर्षांचा. मग मी बाजूला होऊन नुसता बघत राहिलो. अर्ध्या रिंगणाचा डावा खांदा खाली होता. आम्हा सगळ्यांना झाकरी शिकवली ती म्हाताऱ्या गजेंद्रआजाने, आणि उसाच्या गाडीखाली सापडून त्याचा डावा गुडघा गेला होता. आम्ही नाचाबरोबर त्याचं लंगडणंही शिकलो, आणि शिकलो हे कुणाच्या ध्यानात आलं नाही. घरी येऊन आईला सांगितलं. ती तांदूळ निवडत होती. मान वर न करता म्हणाली, “तुमी सोता तसंच चालता की.”

त्या धुरातला माणूस कोण होता, मला आजही माहीत नाही. मी खांदा पाहिला, टाच पाहिली. सत्यनारायण मी त्यात घातला.

गेल्या रविवारी नुव्हेल फ्रांसला गेलो. तो कोबीच्या वाफ्यात होता. केस पांढरे झालेत. मी सगळं सांगितलं, शिंपल्याचंही सांगितलं, उगाच. तो ऐकून घेऊन म्हणाला, “गुरुजी, तीन वर्सं लागली व्हय? लई जाड पुस्तक दिसतंय.” मग पाण्याची झारी खाली ठेवून म्हणाला, “हितं मला सांगून काय? मला ठावं हाय मी घरी होतो. जितं माजं नाव घेतलंत, तितं जावून सांगा.” गंगा बाहेर आली नाही. चहाही आला नाही, आणि तेच बरोबर होतं.

तेव्हा या रविवारी आरतीनंतर मी अंगणात उभा राहून सांगणार आहे, की मी तोंड पाहिलं नव्हतं. साहेबालाही चिठ्ठी लिहिली आहे. देवळाची समिती संध्याकाळचा मराठीचा वर्ग माझ्याकडून काढून घेईल बहुतेक. ज्याच्या शब्दावर एक घर उठलं, त्याच्याकडे पोरं कोण पाठवील? घेऊ देत. हे तुला दुसऱ्या कुणाच्या पत्रातून कळू नये म्हणून आधी लिहितो आहे. आणखी एक आहे. बसथांब्यापर्यंत मला सोडायला प्रेम आला होता. बस दिसल्यावर त्याने विचारलं, “गुरुजी, लग्नाला नाही म्हनाली ती इंद्राणी, का तुमी?” मी म्हणालो, मी. तो म्हणाला, मग तिला एकदा विचारा. बस आली, मी चढलो. तीन वर्षांपूर्वी जे विचारायला हवं होतं ते आज विचारतो आहे. तुझं उत्तर काहीही असो, होय, नाही, किंवा याबद्दल तुमच्याशी बोलायचंच नाही, पण ते तुझ्या अक्षरात लिही. पत्र आलं नाही, तर त्याचा अर्थ मी लावणार नाही. वाट पाहीन.

तुझाच,
बाबा