पाचव्या महिन्यातली जीप

सातारा,
१८ जानेवारी १९९४

ती. राहीअक्का हिस,
मानसिंगचा शि. सा. नमस्कार.

तुझं पोस्टकार्ड पोचलं. त्यात माझ्या गुडघ्यांना दीड ओळ आणि तुझ्या जास्वंदीला सगळी मागची बाजू, यावरून धाकट्या भावाची किंमत कळली. गुडघे बरे आहेत. बनुबाईनं पाठवलेलं लोणचं सांगलीत मिळालं नसेल तर एस.टी.च्या कंडक्टरला विचार, माझ्या बायकोला नको.

पत्राचं कारण आमची सून, यशराजची बायको. पहिलं बाळंतपण म्हणून ती माहेरी, कवठे महांकाळला गेली हे तुला माहीत आहे. दसऱ्याला मुलगा झाला. मुलगा ठणठणीत आहे, पोरगी मात्र कामातून गेली. झोपत नाही, पोर दवाखान्यात बदललं म्हणते, त्याच्याकडं पाठ करून भिंतीशी बोलते. आमचे व्याही नाथाजीराव यांनी ही गोष्ट दडवून ठेवली. आम्हाला कळली ती द्राक्षाच्या ट्रकवाल्याकडून. असल्या माणसांशी आपण सोयरीक केली.

इथं लालासाहेबांशी बोललो. ते माझ्याच पलटणीतले, चार बुकं वाचलेले. त्यांचं मत, वेड रक्तात असतं आणि रक्तातून उतरतं. तेव्हा मी ठरवलंय. नातू घरी आणायचा, पोरगी जिथं आहे तिथं राहील, आणि यशराज सुटीवर आला की त्याचं दुसरं बघायचं. तो सध्या सीमेवर आहे. त्याला बाळ-बाळंतीण खुशाल, एवढंच कळवलंय.

तू उभा जन्म वेड्यांच्या इस्पितळात काढलास. चारचौघांत आम्ही तुझी नोकरी 'सरकारी' एवढीच सांगत आलो, आणि यशराजच्या लग्नाच्या बैठकीत तेवढीही सांगितली नाही. आता त्या नोकरीचा घराला पहिल्यांदा उपयोग होतोय. ही पोरगी बरी होणारी नाही, असं तुझ्या सहीनं लिहून दे. वकिलाचं काम सोपं होईल.

लोभ आहेच, चिठ्ठी आल्यावर आणखी वाढेल.

तुझा,
मानसिंग


सांगली,
२४ जानेवारी १९९४

चि. मानसिंग यास,
अनेक आशीर्वाद, त्यातले निम्मे अक्कल यावी म्हणून.

तुझं पत्र वाचलं आणि हात धुतले. लालासाहेबांना नमस्कार सांग. पलटणीत ते रेशनचं भांडार सांभाळायचे, असं तूच सांगायचास. डाळीतले खडे ओळखणाऱ्याला रक्तातलं वेडही ओळखता येत असेल, मला काय कळतं?

नोकरीचं काढलंस म्हणून सांगते. मुंबईहून समाजकार्य शिकून मी त्या इस्पितळात रुजू झाले तेव्हा असल्या कामाची तिथं मी पहिलीच बाई. मला बसवायचं कुठं ते कुणाला कळेना. मोठ्या डॉक्टरांनी विचारलं, तुम्हाला औषध देता येत नाही, सुई देता येत नाही, मग तुम्ही करणार काय? मी म्हटलं, यांच्या घरी जाणार. ते पोट धरून हसले. पुढं त्यांनी बरे करून पाठवलेले रोगी महिन्याभरात परत यायला लागले, तेव्हा हसू थांबलं. माणसाचं काय बिघडलंय ते डॉक्टर बघायचे, घराचं काय बिघडलंय ते बघत मी वाडीवस्तीवर चपला झिजवल्या. त्या घरांत तुझ्यासारखे मिशीवाले पुष्कळ भेटले. सगळे घराण्याबद्दल बोलायचे. मी एवढंच विचारायची, पेशंट झोपतो कुठं? कुणी गोठ्यात, कुणी माळ्यावर, कुणी पडवीत साखळीला. मग घराण्याचं कौतुक तिथंच संपायचं.

तुझी चिठ्ठी मिळणार नाही. बाळंतपणानंतरचं हे दुखणं मी कितीतरी बायांत पाहिलंय. वेळेवर औषध आणि झोप मिळाली तर बहुतेक जणी बऱ्या होतात. त्यांना पुढं मोडतं ते सासर. मी उद्या सकाळच्या गाडीनं कवठे महांकाळला निघाले आहे. तुझी बहीण म्हणून नाही, त्याची मला लाज वाटते. माझं काम म्हणून.

लोभ आहे. आदर मागू नकोस.

तुझी,
राहीअक्का


सातारा,
२० फेब्रुवारी १९९४

ती. राहीअक्का हिस,
नुसता नमस्कार. साष्टांग घालायला गुडघे वाकत नाहीत.

तुझं पत्र बनुबाईला वाचून दाखवलं नाही, तिला रक्तदाब आहे. आता मलाही होईल. तू महिना होत आला तरी व्याह्यांच्या घरी ठाण मांडून आहेस असं कळलं. सुभेदाराची बहीण सोयऱ्यांच्या चुलीपाशी बसून वेडीला घास भरवते, ही बातमी साताऱ्यापर्यंत यायला वेळ लागला नाही. स्वतःचा संसार मांडला नाहीस, म्हणून लोकांचे निस्तरायला निघालीस. शिकलेल्या बायकांना दुसरं काम नसतं.

पाचवा महिना लागला की बाळ सासरी आणायची रीत आहे. त्या रीतीप्रमाणे येत्या रविवारी बनुबाई आणि आपले चुलतभाऊ हंबीररावदादा जीप घेऊन येतील आणि नातवाला घेऊन निघतील. पावडरीचं दूध आणलंय, सांभाळायला बाई ठेवलीय. तू मधे पडू नकोस.

मोठी आहेस म्हणून एकदाच सांगतो. आपल्या घराण्यात असलं कधी झालेलं नाही. आपली आई मला जन्म देऊन चार-पाच महिन्यांत तापानं गेली. पोरका वाढलो, पण कुणी बोट दाखवलं नाही. माझा नातू वेडीचा पोर म्हणून वाढणार नाही.

लोभ तूर्त आहे तेवढाच असू दे.

मानसिंग


कवठे महांकाळ,
२८ फेब्रुवारी १९९४

चि. मानसिंग यास आशीर्वाद.

तुझी जीप काल आली आणि रिकामी परत गेली. तू ओरडून घेतलं असशील. आता बसून वाच.

मी इथं आले तेव्हा तुझी सून शिवांजली बेदाण्याच्या शेडमध्ये होती. खाट तिथं टाकली होती ती तिच्या सख्ख्या बापानं, आणि देवऋषी येऊन तिला मिरच्यांची धुरी द्यायचा. नाथाजीराव तुझ्यापेक्षा बरे असतील अशी माझी समजूत होती. तेही तसलेच, फक्त मिशी बारीक. मी खाट घरात आणवली, देवऋष्याला पायरीवरूनच वाटेला लावलं आणि मिरजेच्या एका डॉक्टरीण बाईंना दाखवून गोळ्या सुरू केल्या. पोरगी आधी नुसती झोपली. मग जेवायला लागली. गेल्या आठवड्यात तिनं आपण होऊन मूल मागितलं, त्याचे कान चाचपले आणि हे आमच्याच घरचे कान, असं म्हणाली. अजून एखादा दिवस वाईट जातो. त्या दिवशी तिची आई मूल सांभाळते आणि ती पडून राहते.

अशा घरी तुझी माणसं आली. बनुबाईनं आणलं काय, तर चांदीचे वाळे, अंगडं-टोपडं, दृष्टीचा मणी आणि पावडरीचा डबा. बाळंतिणीला साडी नाही, खण नाही, ओटीला नारळ नाही. बाळ-बाळंतीण न्यायला आलेल्या सासूच्या हातात साडी नसली तर त्याचा अर्थ उभ्या तालुक्यात एकच होतो, सून टाकली. शिवांजलीनं त्या पिशवीकडं पाहिलं, मूल छातीशी धरलं आणि आत गेली. हंबीररावानं उंबऱ्यात उभं राहून मला घराण्याची अब्रू समजावली. मी त्याला चहा पाजला आणि जीप वळवायला सांगितली.

आता त्या घराण्याबद्दल. आपली आई तापानं गेली नाही. तुझ्या वेळी ती माहेरी होती, तिला हेच दुखणं झालं, आणि तुझ्या पाचव्या महिन्यात आबा बैलगाडी घेऊन गेले ते तुला एकट्याला घेऊन आले. मी आठ वर्षांची, गाडीतच होते. घरी आल्यावर त्यांनी ती वारली म्हणून सांगितलं आणि तेरावं घातलं. जिवंत बाईचं तेरावं. ती माहेरच्या गोठ्याशेजारच्या खोलीत पुढं कितीतरी वर्षं जगली. दिवाळीला मामा मला आबांना चोरून तिच्याकडं न्यायचे. दर वेळी ती विचारायची, पोराला दात आले का? शेवटचं विचारलं तेव्हा तू सातवीत होतास. तिला गोळ्या मिळाल्या नाहीत, कारण तेव्हा त्या नव्हत्या. साड्या मात्र बाजारात हव्या तेवढ्या होत्या.

आबांनी देवापुढं शपथ घातली होती, ती मी आज मोडली. लालासाहेबांचं खरं मानायचं तर वेड तुझ्या रक्तात आहे, यशराजच्या आहे. मग शिवांजलीनंच काय घोडं मारलंय? तुझ्यासाठीही एक चिठ्ठी लिहून देऊ का?

मी उद्या सांगलीला परत जाते. गोळ्यांचं सगळं तिच्या आईला नीट समजलंय. पुढचं तू ठरव. लोभ ठेवायचा की नाही, तेही ठरव.

राहीअक्का


कवठे महांकाळ,
९ मार्च १९९४

ती. राहीअक्का हिस,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र खोटं ठरावं म्हणून मी आधी हंबीररावदादाकडं गेलो. तो माझ्याहून मोठा, त्याला माहीत असणार. त्यानं तंबाखू तोंडात टाकली आणि म्हणाला, आता कशाला ते उकरतोस. म्हणजे घरात सगळ्यांना माहीत होतं. जगाची अक्कल काढत फिरणारा मी एकटाच मूर्ख निघालो. संध्याकाळी लालासाहेब आले, त्यांना रक्ताबद्दल आणखी काही सांगायचं होतं. त्यांच्या तोंडावर दार लावलं.

बनुबाईला बोललो नाही. साडी घ्यायला एकटाच गेलो, दुकानदारानं खपत नव्हती ती माझ्या गळ्यात मारली. हिरवी आहे, एवढंच मला कळतं. एस.टी.नं इथं आलो. नाथाजीरावांनी पाणी दिलं, पण बसा म्हणाले नाहीत. बरोबर केलं. त्यांच्या जागी मी असतो तर पाणीही दिलं नसतं.

शिवांजली ओसरीवर मुलाला तेल लावत होती. मी साडी पुढं ठेवली, तिनं हात लावला नाही. मी नाथाजीरावांना विचारलं, हिची तब्येत कशी आहे. तिच्या आईला विचारलं, रात्रीची झोपते का. मग विचारलं, आमची अक्का काय म्हणाली. तेव्हा तिनं मान वर केली. ती म्हणाली, "मामंजी, मी बरी हाय का न्हाई, ते मलाच इचारा की. साऱ्या गावाला इचारून झालं तुमचं."

अक्का, पलटणीत कोण खरा आजारी आणि कोण ढोंगी, ते मी बघता क्षणी सांगायचो आणि त्याचा मला भारी तोरा होता. या पोरीला मी कधी काही विचारलेलंच नव्हतं. लग्नात नाही, डोहाळजेवणाला नाही. आईचं सारखं मनात येत होतं. शेवटी विचारलं. तिनं मुलाचा दुसरा पाय चोळून पुरा केला आणि मग म्हणाली, "आज बरी हाय. उद्याचं उद्या इचारा."

म्हणून राहिलो. मुलाकडच्यानं न बोलावता व्याह्यांच्या घरी मुक्काम टाकणं शोभत नाही, हे मला कुणी सांगायला नको. नाथाजीरावांचंही काल रात्री ते चेहऱ्यानं सांगून झालं. यशराजला खरं काय ते सविस्तर कळवलंय, ते पत्र आज टपालात पडलं.

आज सकाळी पुन्हा विचारलं. तिनं नुसतीच मान हलवून नाही म्हटलं, मुलाला माझ्या मांडीवर ठेवलं आणि आत जाऊन पडली. तो झोपलाय आणि मी त्याला हलवत नाही, तेव्हा अक्षर वाकडं आलं तर समजून घे. उद्या परत विचारणार आहे.

लोभ असू दे, ही विनंती.

तुझा,
मानसिंग