अकराव्याच्या जेवणाआधी

मी, दैतारी स्वाईं, वय एकोणपन्नास, राहणार बडपोखरी, जिल्हा पुरी, महाप्रभू जगन्नाथाला स्मरून हे लिहितो. माझं यकृत गेलेलं आहे, डोकं शाबूत आहे. कोणाच्या सांगण्यावरून लिहीत नाही. कोणी सांगितलं असतं तर कदाचित लिहिलंही नसतं.

१. राहतं घर आणि बँकेतली ठेव पत्नी बसंतीला. मुलगा निराकार याने तिला विचारल्याशिवाय घराचं एक कौलही हलवू नये.

२. बांबू चिरायचा कोयता आणि सायकल निराकारला. मासे धरायचं मोठं जाळं गोलख नायकाकडे आहे. ते मागायला जाऊ नये. तो देणार नाही. माझा राग गेला आहे. थोडा उरला आहे.

३. पानमळा आणि तळं यांचा अर्धा हिस्सा निराकारला. मळ्यात चपला घालून जाऊ नये. उरलेला अर्धा मी कोणालाच देत नाही, कारण तो माझा नाही. तो माझ्या थोरल्या भावाची विधवा, कुंतलावहिनी, हिचा आहे. त्यासाठी तिने २००१ साली बाबांवर आणि माझ्यावर दावा लावला. चोवीस वर्षं मी तारखा घेत राहिलो.

४. बाबा २००८ च्या फाल्गुनात गेले. दावा लावणाऱ्याने नव्वद दिवसांत मयताच्या वारसांची नावं लावली नाहीत तर दावा पडतो, हे मला ठाऊक होतं, वहिनीला नव्हतं. अकराव्याच्या जेवणाला सगळं गाव होतं. डालम्याच्या डाळीत घालायची भाजी तिनेच चिरली. गावाला ठाऊक म्हणजे कोर्टालाही ठाऊक, असं ती धरून चालली. मी माझ्या वकिलालासुद्धा सांगितलं नाही. तो दोन वर्षं मेलेल्या माणसाची हजेरी देत राहिला. मी रोज संध्याकाळी पोथीघरात पोथी वाचायचो आणि घरी येऊन दिवस मोजायचो. नव्वद भरले त्या दिवशी देवळात नारळ फोडला. दोन वर्षांनी बाबा गेल्याचं कोर्टात उघड झालं आणि दावा पडला. तो पुन्हा उभा करायला तिला नऊ वर्षं लागली.

५. आता वरच्या कोर्टाने खालच्या कोर्टांना हुकूम केला आहे, जुने दिवाणी दावे सहा महिन्यांत निकाली काढा. आमची तारीख दर आठवड्याला लागते. वकील हसून म्हणाला, "दैतारीबाबू, घाबरता कशाला? तुम्ही गेलात की वारस लावण्यातच वर्ष जाईल!" तो थट्टा करत होता. मला बाबा आठवले.

त्याच दिवशी वहिनीकडे गेलो. म्हटलं, "अर्धं घे आणि दावा सोड."

"अरे दैता, तुझ्या ओसरीवर येऊन घ्यायचं असतं तर चोवीस वर्षं कोर्टाच्या त्या बाकावर कशाला बसले असते? साहेबासमोर बोल. सगळ्यांच्या देखत."

पुढच्या तारखेला मी बोलणार आहे. पण तोवर राहीन याची खात्री नाही.

६. म्हणून मी गेल्यावर निराकारने सुतक धरून घरी बसू नये. मृत्यूचा दाखला घ्यावा, बसंतीचं आणि स्वतःचं नाव एकाच अर्जात द्यावं, आणि वहिनीचा हिस्सा कबूल आहे असं लिहून द्यावं. एकही तारीख मागू नये. अर्ज कोर्टात पोचल्याशिवाय अकराव्याची चूल पेटवू नये.

७. वहिनीला या कागदाने काही मिळत नाही, म्हणून ती साक्षीदार होऊ शकते. तिला सगळं वाचून दाखवलं.  कलम चार ऐकून ती जे बोलली तेही इथे असावं: "दुःखात कोर्टाला कळवायचं विसरला असेल, असं मी आजवर लेकीला सांगत आले." मग तिने शाई मागितली. "अंगठा देते. पण तारखेला मी येणारच."

सही: दैतारी स्वाईं
साक्षीदार: १. भागीरथी साहू, शिक्षक (सही)
२. कुंतला स्वाईं (डाव्या हाताचा अंगठा)
बडपोखरी, १४ सप्टेंबर २०२५