तुझी गुलाबदाणी

आई, काल मी गुलाबपाण्याच्या कारखान्यात जाऊन आले. कारखाना म्हटलं की तुझ्या डोळ्यांसमोर धुराडं आणि भोंगा येईल. तसलं तिथे काही नाही. मस्कतपासून दोन-अडीच तासांवर जबल अखदर नावाचा उंच डोंगर आहे. नावाचा अर्थ हिरवा डोंगर, पण हिरवा म्हणायचा आपला. सगळा उघडा दगड, आणि मधेच कुठेतरी उतरणीला पायऱ्या-पायऱ्यांची शेतं. त्या शेतांत आपल्या चैत्राच्या सुमाराला गुलाब येतो आणि गावातल्या घरांच्या खालच्या खोल्यांत भट्ट्या लागतात. तुझ्या जावयांना चहाचा मळा आणि चहाचा कारखाना बघायची केवढी हौस होती, आठवतं ना? सकाळचा कप हातात घेऊन म्हणायचे, एकदा पान तोडण्यापासून पुडा बांधेपर्यंत सगळं डोळ्यांनी बघायचंय. ते राहूनच गेलं. हे गेले त्याला आता दोन वर्षं होऊन गेली. ओमानात चहा कुठला पिकायला, तेव्हा निदान फुलाचं पाणी कसं होतं ते तरी बघावं म्हणून जातेय, असं मी ऑफिसात सगळ्यांना सांगितलं. खरं कारण निराळं होतं, आणि ते तुझ्याशिवाय कुणाला कळणार नाही.

बुधवारी मैत्रिणीचा फोन आला. आमच्याच बिल्डिंगमध्ये वरच्या मजल्यावर राहते, आपल्या पुण्याचीच. हे गेले तेव्हा हॉस्पिटलचे कागद, विमानाची तिकिटं, माझ्या लेकीला कॅनडात फोन, सगळं हिनं केलं. कितीतरी दिवस माझ्याकडे चूल पेटली नाही, डबा हिच्याकडून यायचा. म्हणजे तिच्यावर रागवायची सोयच नाही, हीच तर पंचाईत आहे. म्हणाली, "अगं, शनिवारी चैत्राचं हळदीकुंकू ठेवलंय. बायका पाचला येतील. तू असं कर, आठला ये निवांत. गर्दी गेली की आपण दोघी मस्त जेवू. तुला उगाच ऑकवर्ड नको." मी बरं म्हटलं. मग ती म्हणाली, "आणि ऐक ना, तुझ्याकडे ती आईंची चांदीची गुलाबदाणी आहे ना? देशील? मुलाला पाठवते घ्यायला." मी त्यालाही बरं म्हटलं. फोन ठेवल्यावर मला हसू आलं, आणि मग कितीतरी वेळ मी किचनच्या ओट्याला टेकून उभी होते. लेकीला सांगितलं तर ती तिकडून भडकली. "मम्मा, धिस इज सो रिग्रेसिव्ह! तू जाऊच नको ना, आठला पण नको." तिचंही बरोबर आहे. पण न जाऊन मी बसायचं कुठे, हे ती सांगत नाही.

कारण हा फोन मी आधी एकदा ऐकला आहे. तेव्हा फोन नव्हता, समोरच्या काकू स्वतः यायच्या. बाबा गेले तेव्हा मी पाचवीत होते. त्याआधी कॉलनीतलं सगळ्यांत मोठं चैत्राचं हळदीकुंकू आपल्याकडे असायचं. कैरीची डाळ तुझ्यासारखी कुणाला जमत नाही, असं बायका तोंडावर म्हणायच्या. बाबा गेल्यावर पुढच्या चैत्रात काकू दारात उभ्या. आत आल्या नाहीत. "वहिनी, डाळीला जरा हात लावाल का? आणि गुलाबदाणी मिळेल का संध्याकाळपुरती?" तू कैऱ्या किसतेस, फोडणी देतेस, डाळीचं पातेलं झाकून माझ्या हाती देतेस. मग रांगोळीच्या पांढऱ्या भुकटीनं गुलाबदाणी घासतेस, आरशासारखी लखलखीत होईपर्यंत, आणि गुलाबपाणी भरून तीही देतेस. तुझी डाळ त्या घरी चालायची, तुझी चांदी चालायची, तू तेवढी चालायची नाहीस. आणि तू एका शब्दानं काही म्हणायची नाहीस, याचा मला तेव्हा तुझ्यावरच राग यायचा. मी फ्रॉक घालून बायकांमधून गुलाबपाणी शिंपडत फिरायचे. एका वर्षी परत आले तर तू ओट्यापाशी होतीस. गुलाबदाणीत थोडं उरलं होतं. मी तुझा हात ओढला आणि मनगटावर शिंपडलं. तू केवढ्यानं ओरडलीस! "अक्कल आहे का तुला? कुणी बघितलं म्हणजे? जा, ठेव ते कपाटात." मी रडत कपाटाकडे गेले.

तर ती गुलाबदाणी शनिवारी पुन्हा एकदा एकटीच हळदीकुंकवाला निघणार होती, आणि आदला सगळा दिवस तिच्याकडे बघत घरात बसणं मला झेपलं नसतं. आमच्या ऑफिसचा ओमानी ड्रायव्हर त्या डोंगरावरचाच. दरवर्षी म्हणतो, "मॅडम, गुलाब का टाइम है, हमारा गाँव आओ." दरवर्षी आम्ही इन्शाल्ला म्हणायचो आणि राहून जायचं. यंदा मीच त्याला विचारलं. तो शुक्रवारी पहाटे दारात हजर, गाडीत बायको आणि मागे पेंगणारी दोन पोरं. एकटी बाई पाहुणी म्हणून नेताना घरच्यांना आणायचं, हे त्याला सांगावं लागलं नाही. डोंगराच्या पायथ्याशी पोलिसांनी गाडी फोर-व्हील आहे का बघितलं आणि मग नुसता चढ. वर पोचलो तेव्हा थंडगार हवा होती आणि फुलं तोडून संपत आली होती. फिकट गुलाबी, आपल्या हारातल्या गुलाबाहून लहान, पण वास असा की मी जिथल्या तिथे उभी राहिले. आणि नेहमीप्रमाणे बाजूला वळून म्हणाले, "अहो, वास घ्या." बाजूला अर्थातच कुणी नव्हतं. ड्रायव्हरनं ऐकलं असावं, पण तो बुटाची लेस बांधत बसला.

कारखाना त्याच्या मावशीचा. तो तिला अरबीत खालती म्हणतो. अंधारी खोली, भिंतीला लागून मातीची लांब भट्टी, तिच्यात ओळीनं मडकी बसवलेली. मडक्यात ओंजळ-ओंजळ पाकळ्या टाकायच्या, आत तांब्याचं छोटं भांडं ठेवायचं, आणि तोंडावर गार पाण्याचं दुसरं भांडं झाकण म्हणून. वाफ वर जाते, गार बुडाला लागते आणि थेंब होऊन आतल्या भांड्यात पडते. झाकणातलं पाणी कोमट झालं की बदलायचं, एवढंच काम, पण ते दिवसभर. निघालेलं पाणी नितळ असेल अशी माझी समजूत. तर ते फिक्या चहाच्या रंगाचं, आणि त्याला धुराचा वास, आपल्या बंबातल्या पाण्याला यायचा तसा. पुढे ते रांजणात निवत ठेवतात. मी एकेक भांडं वाकून बघत होते आणि मनातल्या मनात ह्यांना सगळं समजावून सांगत होते. त्यांनी असल्या शंका विचारल्या असत्या की त्या बाईनं हात जोडले असते.

मग वरच्या खोलीत सतरंजीवर बसून खजूर आणि कहवा. इथली पद्धत अशी की तुमचा चिमुकला कप रिकामा झाला की यजमान पुन्हा भरणार. नको असेल तर कप हातात जरासा हलवून परत द्यायचा. इतकी वर्षं इथे काढल्यावर हे मला ठाऊक नसेल का? पण मी कप हलवेचना. खालती माझ्यासमोर मांडी घालून बसली होती, तिच्या अरबीतलं मला अर्धंच कळत होतं, आणि ती ओतत होती. माझ्यासाठी कुणी तरी काही तरी ओततंय हेच मला बरं वाटत होतं. शेवटी ड्रायव्हरच घड्याळ बघत म्हणाला, "मॅडम, बस बोलना है तो कप हिलाने का. जुम्मा का नमाज है." मी ओशाळून कप हलवला.

तेव्हा खालती उठली आणि कोनाड्यातून तिनं काय काढलं असेल? गुलाबदाणी. लांब मानेची, चांदीची, थेट तुझ्या गुलाबदाणीसारखी. इथे पाहुणा निघताना त्याच्या हातांवर गुलाबपाणी शिंपडतात. आधी तिनं ड्रायव्हरच्या बायकोच्या हातांवर शिंपडलं, मग माझ्याकडे वळली, आणि आई, मी दोन्ही हात मागे घेतले. विचार करून नव्हे, आपोआप. विस्तवाला हात लागल्यावर घेतो तसे. खालती चमकली. तिला वाटलं मला सर्दी आहे किंवा वास सहन होत नाही. ड्रायव्हर म्हणाला, "क्या हुआ मॅडम? ॲलर्जी?" मी म्हटलं, "नहीं, वो... साहब नहीं हैं ना अब." त्यानं ते अरबीत सांगितलं. खालतीनं ऐकलं, माझ्याकडे बघितलं आणि एकच वाक्य बोलली. ड्रायव्हरला ते सांगायला जड जात होतं. "बोलती है, उसका आदमी को भी मरके बहुत साल हुआ. बोलती है... तो?"

तो? उत्तराची तिनं वाटही पाहिली नाही. माझा हात धरून पुढे ओढला, मी तुझा ओढला होता तसाच, आणि दोन्ही हातांवर, मग ओढणीवर, केसांवर चांगलं भरपूर शिंपडलं. मी तिथे सगळ्यांसमोर रडले. खालती एवढंच म्हणाली, "खलास, खलास," म्हणजे झालं, पुरे, आणि जाताना एक बाटली माझ्या पिशवीत घातली.

आज शनिवार आहे. दुपारी गुलाबदाणी बाहेर काढली. इथे रांगोळीची भुकटी कुठली, टूथपेस्ट लावून घासली. तू पाहिलं असतंस तर हसली असतीस. चकचकीत झाल्यावर त्या बाटलीतलं पाणी भरलं. मग मैत्रिणीला फोन केला. म्हटलं, "मुलाला पाठवू नकोस, गुलाबदाणी मीच घेऊन येते. पाचला." मला तिचा श्वास ऐकू येत होता. मग म्हणाली, "बरं. ये." त्या 'ये'त काय होतं ते मला कळलं नाही. कदाचित मी गेल्यावर बायका क्षणभर बोलायच्या थांबतील. कदाचित गुलाबपाणी देणारी मुलगी माझ्यापाशी येऊन अडखळेल. मला भीती वाटतेय, खोटं कशाला बोलू? हिरवी इरकल काढून ठेवली आहे आणि अजून नेसलेली नाही.

निघायला हवं, म्हणून इथेच थांबते. हा कागद मी पाकिटात घालणार नाही, आता तुला पाठवणार तरी कुठे? पण एक गोष्ट तुला इतकी वर्षं सांगितली नव्हती. त्या संध्याकाळी तू ओरडलीस आणि मी कपाटाकडे गेले, ती लगेच परत वळले होते. दाराआडून बघत होते. तू पदर हातात घेतलास मनगट पुसायला, आणि पुसलं नाहीस. दाराकडे पाठ करून मनगट नाकाशी नेलंस, आणि गॅसवरची आमटी खाली लागेपर्यंत तशीच उभी राहिलीस.