केक्रोप्सच्या चुलीभोवती

पुराचा चौथा दिवस

मेलं खारं पाणी एकदाचं ओसरलं. जवाचं शेत मिठाने पांढरंफटक. अंजिराच्या फांद्यांत मेलेले मासे अडकलेत! समुद्राचा देव पोसायडन चिडला — आणि सगळं खापर फुटलं आम्हा बायकांवर.

गावाचा देव निवडायला केक्रोप्स राजानेच सगळ्यांना खडकावर बोलावलं होतं. पुरुषांनी पोसायडनच्या ढिगात दगड टाकले, आम्ही जैतुनाचं झाड देणाऱ्या अथीनाच्या. आमचा एक दगड जास्त भरला. तो माझाच! पोट सांभाळत सगळ्यांच्या शेवटी मीच पोचले होते. (प्रत्येक बाई हेच सांगते म्हणा.) "दगडाला बाई-बाप्या नसतो," राजाचेच शब्द. किती ऊर भरून आला होता माझा.

आज तोच म्हणतो, "देवाचा राग शांत करायला हवा. यापुढे बायकांनी दगड टाकायचा नाही. आणि लेकराला आईचं नाव लागणार नाही, बापाचं लागेल."

मी मेलाइनाची थेमिस्टा. मेलाइना लिसोची. बाप कोण, हे आमच्यात कुणी कधी विचारलंच नाही. पोटातलं हे थेमिस्टाचं व्हायचं होतं. राजा, तुला सोडणार नाही मी.

पुराचा सहावा दिवस

नवा नियम आज पुरता कळला. बाळ पाच दिवसांचं झालं की पुरुषाने त्याला उचलून आपल्या चुलीभोवती एक फेरी मारायची. मारली की तो बाप. कुणीच उचललं नाही, तर बाळ मडक्यात घालून खडकाखाली मरायला ठेवून यायचं.

आणि बाप कोण, हे आईने शपथेवर सांगायचं. आईने! एवढं एकच त्याने आमच्या हातात ठेवलंय. मला तेवढं पुरे.

पुराचा नववा दिवस

सिमोस कुंभार आला होता. हे लिहिते ती खापरंही त्याच्याच भट्टीमागची. खाली बघून म्हणाला, "माझी चूल आहे की. नाव पण वाईट नाही तसं — सिमोस." कान लाल झाले होते त्याचे. बाळ बहुतेक त्याचंच. म्हटलं, आधी चिखलाचे हात धू! हसला. शेळीच्या चीजचा तुकडा ठेवून गेला.

चांगला आहे. पण त्याच्या चांगुलपणाने माझी आग विझत नाही.

बाळाचा पहिला दिवस

मुलगा! माझा बेत फक्त निकारेटा सुईणीला ठाऊक. बाळ हातात घेऊन उलटंपालटं केलं नि ओरडली, "पाय दोनच आहेत गं, शेपटी नाही!" आमचा राजा कमरेखाली साप आहे ना — पोट दुखेपर्यंत हसलो दोघी.

मग म्हणाली, "खोटी शपथ घेशील? सापाच्या शेपटीवर पाय देतेयस, पोरी."

देऊ दे. राजा नाही म्हणाला, तर त्याचा नियम त्यानेच मोडला. हो म्हणाला, तर राणी त्याला जिवंत सोलेल. दोन्हीकडून मरतोय तो!

मनातल्या मनात बाळाचं नाव ठेवलंय. मेलास. माझ्या आईवरून.

बाळाचा पाचवा दिवस

जिंकले! जिंकले!

राजाच्या चुलीपाशी सगळं गाव जमलेलं. मी बोट दाखवलं. "शपथेवर सांगते, बाप हा!" राणीचा चेहरा राखेसारखा झाला. मागून कुणीतरी फिस्सकन हसलं. राजाने माझ्याकडे बराच वेळ पाहिलं. मग बाळ घेतलं. त्याला चालता कुठे येतंय? सरपटतच गेला चुलीभोवती, सावकाश, अंगरखा राखेतून ओढत. पुरुषांच्या माना खाली. कसा सापडला हात दगडाखाली!

सिमोस गर्दीत होता. त्याच्याकडे पाहिलं नाही.

बाळ आज राजाच्या चुलीजवळ राहणार. रीत आहे म्हणे.

बाळाचा सहावा दिवस

अजून आणून दिलं नाही. दूध गळतंय.

बाळाचा आठवा दिवस

आज वर राजाकडे गेले. बाळ त्याच्या वेटोळ्यात गाढ झोपलं होतं.

"माझं लेकरू दे."

"चूल माझी, फेरी माझी, लेकरू माझं. नियम तुला पाठ आहे, बाई."

"शपथ खोटी होती! साऱ्या गावासमोर सांगते."

"सांग ना. एकदा खोटी शपथ घेणारीचं दुसऱ्यांदा कोण ऐकतं?" मग एकदम हळू आवाजात, "खोटी होती, ते मला तेव्हाच कळलं. मला तिन्ही मुलीच गं. वारस कुठून आणणार होतो मी? तूच आणून दिलास."

दूध पाजायला दुसरी बाई ठेवलीय. राणीही त्याला मांडीवर घेते म्हणे.

मीच दिलं. माझ्या हाताने, माझ्या तोंडाने. सिमोस दाराशी बसून आहे. शिव्या तरी द्यायच्या होत्यास रे.

बाळाचा दहावा दिवस

आज वर बारसं झालं. गाण्याचे आवाज इथपर्यंत येत होते. नाव काय ठेवलं, ते मला कुणी सांगितलं नाही.