कुलरचा सूर

८ एप्रिल
दुपारी समदे झोपले. कुलर लावला. घुंईऽऽ करतो, एकच सूर. मी त्या सुरात गाते. शब्द येतील तसे, माझेच. कुलरच्या खडखडीत कुणाला ऐकू येत न्हाई, म्हणून तर गाते. शाळेत हजेरीला बी आवाज फुटत न्हवता. नववीतच सोडली. कुलर विचारत न्हाई, का सोडली.

११ एप्रिल
वहिनी बाळाला घेऊन आली, माहेरून, वालूरहून. बाळाचे तळवे लय मऊ. पण कुलर खडखडला की दचकतं, रडतं. वहिनी म्हणली, "असंच ऱ्हायलं तर मी माघारी जाते." दादानं कुलरच्या डोक्यावर वीट ठेवली. आता वीट बी वाजायलीय.

१२ एप्रिल
चालू कुलरला हात लावायचा न्हाई, करंट. म्हणून खिडकीच्या लाकडी चौकटीला लावला. आत मांजर झोपल्यावानी थरथर. कळलं. पंखा एवढा वाजतच न्हाई. कुलरचा पत्रा चौकटीला टेकलाय, तिथं खडखड.

१३ एप्रिल
कुलरची पिन काढली. दादानं कुलर चार बोटं मागं घेतला. पायांखाली मी चपलेचे तुकडे सारले. लावला. नुसता वारा! बाळ झोपलं.
दादा : "सुमे, माझी चप्पल कुठंय?"
"ती जुनी..."
"जुनी? परवाच घेतली की गं!"
वहिनी पदर तोंडात धरून हसायली. "लेकराला झोप लागली ना? तुमी फिरा अनवाणी."

१५ एप्रिल
सवयीनं गायला लागले, डोळे मिटून. ढगातून चालल्यावानी. डोळे उघडले तर वहिनी दारात. कुलर आता खडखडत न्हाई, इसरलेच.
"थांबल्या का ताई? बाळ ऐकायलं होतं."
कान तापले. घागर घेऊन बाहेर. घागर भरलेलीच होती.

१६ एप्रिल
गायले न्हाई. तुकडे काढून टाकावं वाटलं. परत खडखड, परत मी. खाली वाकले बी. बाळ झोपेत हसलं.
ऱ्हाऊ दे.

१७ एप्रिल
भर दुपारी लाईट गेली. कुलर बंद. एवढं शांत घर मी कधी ऐकलंच न्हाई. बाळ रडायलं. वहिनीनं त्याला माझ्या मांडीवर दिलं. पदरानं वारा घालत बसली.
सूर कुठून घ्यावा? तो तर कुलर द्यायचा.
बाळाच्या पाठीवर हात ठेवला. आत बारीक घुरघुर, चौकटीवानीच.
तोच सूर धरून तोंड उघडलं, आन् गायले.