सुंदरअक्काचं सोंग

९ नोव्हेंबर, रविवार. जळगाव

शूटिंगबद्दल मागे लिहिलंय त्यात एक वाक्य चूक आहे. 'जागेवर सुचलं' असं लिहिलंय. सुचलं नव्हतं. ते सुंदरअक्काचं होतं.

नीट लिहून ठेवते. धुळ्याजवळ वेबसिरीजचं शूटिंग होतं. माझ्या वाट्याला दोन-तीन ओळी — एसटीची वाट बघणारी बाई. दिग्दर्शक विक्रम सर म्हणाले, "कागद राहू दे. तू इम्प्रोव्हवाली, आयत्या वेळी रचणारी आहेस ना? गाडी येते, तू गावची बाई आहेस. कर काहीही."

गाडी आली. मी पदर डोक्यावर ओढला, दाराशी गेले, गाडी सुटू नये म्हणून धरून ठेवल्यासारखा एक हात पत्र्यावर ठेवला आणि विचारलं, "कंडक्टर भाऊ, मना गोपाल बठेल शे का?"

कंडक्टर झालेला नट गोंधळला. मी ड्रायव्हरला विचारलं. मग खिडकीतल्या एकेकाला. सगळं युनिट हसत होतं. कॅमेरा हलला म्हणून पुन्हा घ्यावं लागलं, तर पुन्हा तेच केलं. म्हणजे 'नकळत तोंडून गेलं' असंही म्हणायची सोय नाही.

सुंदरअक्का आमच्या गावची, दोंडाईच्याजवळच्या. गोपाल तिचा एकुलता मुलगा. मी शाळेत असताना सुरतला कामाला गेला, परत आला नाही. पत्ता नाही, निरोप नाही. अक्का रोज फाट्यावर उभी राहते आणि तिकडून येणाऱ्या प्रत्येक गाडीला हेच विचारते, माझा गोपाल बसलाय का. कंडक्टर ओळखतात तिला. "नाही अक्का, मागच्या गाडीत असेल," म्हणतात. ती "बरं भाऊ" म्हणते, हात काढते. मग गाडी सुटते.

मी नावसुद्धा बदललं नाही. दुसरं कुठलंही नाव चाललं असतं.

११ नोव्हेंबर

ट्रेलर आला. सिरीजचं नाव कुणाला माहीत नाही, पण माझा तुकडा मोबाइल-मोबाइलवर फिरतोय. खालच्या किराणावाल्यानं मला पाहून दोन्ही हात जोडले — "या, गोपालच्या आई."

संध्याकाळी मेहरूणमधला माझा मुलांचा नाटकाचा क्लास. मुलांना खेळ दिला — भरलेल्या गाडीत जागा मिळवायची. तिघांनी एकदम तेच वाक्य टाकलं. बाकीचे लोळून हसले. हातसुद्धा पत्र्यावर ठेवल्यासारखा, अगदी बरोब्बर. रागावणार कुणावर? मीच शिकवते, चांगलं दिसलं की उचलायचं.

सुटताना तिसरीतली मेघा चपलेचा बंद लावत म्हणाली, "ताई, मग गोपाल आला का?"

"पुढच्या वेळी सांगते," म्हटलं.

१२ नोव्हेंबर

घरून फोन नाही. वडिलांनी, नानांनी पाहिलं असणार.

१६ नोव्हेंबर, रविवार

मुलाखतीत कुणी 'कुठे शिकलीस' विचारलं की मी पुण्याच्या एका ग्रुपचं नाव सांगते. त्यांच्याकडे सहा महिने इम्प्रोव्ह शिकले हे खरं. पण पहिल्या दिवशी त्यांनी सांगितलं, 'समोरच्यानं दिलेलं नाकारायचं नाही, पुढे न्यायचं,' तेव्हा मला हसू आलं होतं. हे मला परकर नेसायच्या वयात येत होतं.

नाना तमाशात सोंगाड्या होते. अभिमन सोंगाड्या म्हटलं की शिरपूर-शहाद्यापर्यंत ओळखायचे. बतावणीला लिहिलेलं काही नसतं. दोघं उभे राहतात, एकानं टाकायचं, दुसऱ्यानं झेलायचं. रात्रीची जेवणं झाली की नाना मला अंगणात समोर उभं करायचे. "मी गाय शे. तू कोन?" मी म्हणायची, गिऱ्हाईक. "मंग दात देख मना." मी त्यांच्या तोंडात डोकावायची. माय भांडी घासत ओरडायची, "गाय दूध देस का पूस, नहीतर इकी टाक." असे आम्ही तिघं.

पण नानांचा आणखी एक नियम होता, तो पुण्यात कुणाला माहीत नाही. ज्यानं सोंग, त्याना वटा पहिले. खऱ्या माणसाचं सोंग काढायचं तर आधी त्याच्याच ओट्यापुढे, त्याच्यासमोर काढून दाखवायचं. हसला तर जत्रेत न्यायचं. नाही हसला तर सोडून द्यायचं, कितीही जमलेलं असो.

पोलीसपाटील तोतारामबाबा चालायचे तेव्हा आधी काठी यायची, मग पोट, मग ते. नानांनी त्यांच्या ओट्यापुढे तसं चालून दाखवलं. आळी हसली. तोतारामबाबा म्हणाले, "अभिमन, मनं पोट दुखस रे बापू. म्हनीसन तसा चालस मी." नानांनी ते सोंग परत काढलं नाही. त्या जत्रेत सोंगाविना फड पडला. दुसऱ्या वर्षी तोतारामबाबा पोटाच्याच दुखण्यानं गेले.

आज शेवटी मीच फोन केला. नाना एवढंच म्हणाले, "वटावर दखाडं का?"

"नाही नाना."

फोन मायकडे गेला. माय म्हणाली, "जेवण करं का तू?" मी हो म्हटलं. केलं नव्हतं.

१९ नोव्हेंबर

विक्रम सरांचा फोन. दुसरा सीझन. 'गोपालची माय' आता मुख्य भूमिका, पोस्टरवर मी. "भाविका, माणसं वीस वर्षं काम करतात, त्यांना असं एक वाक्य मिळत नाही." बारा दिवसांत कळवायचं.

आनंद झाला. प्रामाणिकपणे लिहायचं तर आधी आनंदच झाला. जिन्यावर बसून हसले मी. बाकीचं सगळं नंतर आलं.

२३ नोव्हेंबर, रविवार. गावी

फाट्यावर उतरले. अक्का तिथं नव्हती. मला वाटलं आजारी असेल.

टपरीवाल्या रुपचंदभाऊंनी सांगितलं. "आते येत नही ती. गाड्यासमधलाच पोरे वरडतंस — मना गोपाल बठेल शे का. एक दिन तर बठ्ठी गाडी हासनी. कंडक्टर बी." मग मला ओळखलं आणि चहाचा ग्लास पुसत राहिले. पैसे घेतले नाहीत. घेतले असते तर बरं वाटलं असतं.

नाना माझ्याबरोबर आले नाहीत. अक्काच्या घराकडे बोट दाखवलं फक्त, जसं काही मला ठाऊकच नाही.

ती ओट्यावर शेंगा फोडत होती. "ये व भावी. बारीक झायी तू." शेंगा पुढे केल्या. मी उभीच राहिले. म्हटलं, अक्का, मी तुझं सोंग काढलंय. तुला न दाखवता काढलं. आता दाखवते.

"दखाड," म्हणाली.

मी केलं. गाडी नव्हती, म्हणून तिच्याच घराच्या खांबावर हात ठेवला. मोबाइलवर हजारो हसले असतील, तेच केलं. एक अक्षर कमी नाही, जास्त नाही. आवाज मधे फुटायला आला, तो मी सांभाळून घेतला — ते शिक्षण आहे माझं. गल्लीत दोन बाया थांबल्या होत्या. कुणी हसलं नाही.

अक्का शेंगा फोडायची थांबली होती. माझ्या हाताकडे बघत होती, खांबावरच्या.

"मी असा हात ठेवस?"

"हो."

"माले मालूमच नव्हतं." मग विचारलं, "लोकं हासतंस का?"

"हो."

"भलता?"

"हो अक्का, खूप."

तिनं मान हलवली. रागावली नाही. रागावेल, शिव्या देईल, याची तयारी करून गेले होते मी. ती खाली बघून सालं गोळा करायला लागली आणि म्हणाली, "मंग मी आते काय पुसू व?"

मी खांबावरचा हात काढला.

२४ नोव्हेंबर

निघताना नानांनी विचारलं, "हासनी का?"

"नाही."

"नको म्हने का?"

"नाही. नको म्हणाली नाही."

नाना बराच वेळ चिलीम भरत बसले. ओढली नाही. या उत्तराला त्यांच्याकडेही नियम नाही, हे त्यांच्या तोंडावर दिसलं. इतकी वर्षं मला वाटत होतं, नानांना सगळं येतं.

२७ नोव्हेंबर

विक्रम सरांना 'नाही' असं कळवलं. कारण पूर्ण सांगितलं, अक्कासकट. त्यांनी पूर्ण ऐकून घेतलं. वाईट माणूस नाही. म्हणाले, "नाव बदलू आपण. गोपालऐवजी दुसरं ठेवू. पण पात्र जाणार नाही, भाविका. तू नाही केलंस तर दुसरी कुणी करेल." पुढे म्हणाले, "आणि तुझ्याइतकं चांगलं नाही करणार. तुझ्या त्या अक्कासाठी ते जास्त बरं आहे का?"

उत्तर अजून शोधतेय.

२८ नोव्हेंबर

क्लास. शिकवणं जमलं नाही.

३० नोव्हेंबर, रविवार

आज लिहिणार होते — हलकं वाटतंय, योग्य तेच केलं. दोनदा लिहायला घेतलं. मी भूमिका सोडली, अक्काला काय मिळालं? फाटा तर परत मिळाला नाही. ती घरात बसून आहे. मी जे सोडलं ते माझं होतं, जे घेतलं ते तिचं.

माय फोनवर म्हणाली, रुपचंदभाऊंनी अक्काला चल म्हटलं, मी उभा राहतो तुझ्यासोबत, कोण हसतो बघू. ती म्हणाली, "ऱ्हाऊ द्या भाऊ." सकाळच्या गाडीचा हॉर्न वाजला की मात्र ओट्यावर येऊन उभी राहते म्हणे.

२ डिसेंबर, मंगळवार

दुपारी फोन आला. अनोळखी नंबर, क्लासच्या पेजवरून काढलेला. पुरुषाचा आवाज, अर्धी गुजराती, अर्धी आमची बोली. "तू अभिमन नानानी भावी ना? ते सोंग बंद कर. मनं नाव काढी टाक."

कोण, असं मी विचारलं नाही.

म्हणाला, इथं बायको आहे, दोन मुली आहेत. त्यांना सांगितलंय की माय वारली. मोठ्या मुलीनं तो व्हिडिओ मोबाइलवर लावला, सगळं घर हसलं, त्यालाही हसावं लागलं. मग विचारलं, "ती खरीच उभी ऱ्हास का फाट्यावर?"

"दहा-बारा दिवसांपूर्वीपर्यंत राहायची."

फोनवर मागे यंत्रांचा आवाज. मग म्हणाला, "तिले सांगू नको," आणि ठेवला. मी हो म्हटलेलं नाही. नाहीही म्हटलेलं नाही.

गुरुवारी, चार डिसेंबरला, सकाळच्या पॅसेंजरनं दोंडाईच्याला जाते. सुंदरअक्काला सांगणार आहे.